बाजूचं दार

(अभ्यासवर्गाच्या बैठकीत केलेलं भाषण. बोललो तसंच ठेवलंय. मध्येमध्ये पोरं हसली ती जागा तुमची तुम्ही ओळखा.)



मी सिनेमाचा जाणकार नाही. जाणकार लोक सिनेमा बघून बाहेर आले की 'फ्रेम' बोलतात, 'टेक्स्चर' बोलतात. आपण बाहेर आलो की पहिला प्रश्न, शेवटची लोकल गेली का. तेव्हा माझ्याकडून समीक्षा ऐकायला आला असाल तर मागचं दार उघडं आहे. मी एका आगगाडीबद्दल बोलायला उभा आहे.

झालं असं. आपल्या गटातली चार-पाच पोरं कोरियन सिनेमानं झपाटलीयत. २०२३ साली बातमी आली की ना होंग-जिन, तोच 'द वेलिंग'वाला, 'होप' नावाचा विज्ञान-थरारपट काढतोय. त्यात ह्वांग जंग-मिन, जो इन-संग, 'स्क्विड गेम'मधली जंग हो-यॉन, आणि त्यांच्या जोडीला मायकेल फासबेंडर आणि अलिसिया विकांडर. तेव्हापासून ही पोरं माझं डोकं खातायत. त्यातल्या एकानं विचारलं, "दादा, ही गोरी स्टार मंडळी कोरियन सिनेमात राबायला कशी काय आली? आणि आपल्यात कधी येणार?"

पहिला प्रश्न ठीक होता. दुसरा मला चावला. रात्रभर चावत राहिला. आपल्यात कधी येणार! म्हंजे आपण मोठे झालो हे कळायला पुन्हा त्यांचंच तोंड बघायचं. मी त्या पोराला तेव्हा काहीतरी थातूरमातूर सांगून वाटेला लावलं. आज नीट सांगतो. त्यासाठी 'होप' नको. ही वाट ज्या सिनेमानं रुंद केली तो घेऊ. बाँग जून-होचा 'स्नोपिअर्सर', साल २०१३. कोरियन नावाचा अर्थ हिमदेशाची आगगाडी. आपण हिमगाडी म्हणू.

गोष्ट थोडक्यात सांगतो, बघितलेल्यांनी गप्प बसायचं. पृथ्वी तापली म्हणून शहाण्या लोकांनी २०१४ साली आभाळात एक रसायन सोडलं. तापमान उतरलं ते उतरतच गेलं, सगळं जग गोठून मेलं. वाचले ते फक्त एका आगगाडीत चढलेले. ही गाडी थांबत नाही. सगळ्या जगाला वेढा घालणाऱ्या रुळांवरून वर्षाला एक फेरी. पुढं इंजिन, इंजिनात विल्फर्ड नावाचा मालक. त्याच्या मागं पैसे मोजून चढलेल्यांचे डबे. तिथं बाग आहे, मत्स्यालय आहे, सुशी आहे, न्हाणीघर आहे, नाचगाणं आहे. आणि शेपटीला बिनतिकिटाची माणसं. खिडकी नाही, पाणी नाही, खायला काळ्या चिकट वड्या. त्या वड्या कशाच्या ते पुढं कळतं. झुरळाच्या. सतरा वर्षं हे चाललंय. मग शेपटीतला कर्टिस बंड करतो आणि एकेक दार फोडत इंजिनाकडं निघतो.

आता सुरुवातीचाच एक प्रसंग बघा. पुढच्या डब्यातली एक बाई टेप घेऊन येते आणि पोरांची उंची मोजून दोन पोरं उचलून नेते. एक बाप चिडून तिला बूट फेकून मारतो. शिक्षा काय? डब्याच्या भिंतीतल्या भोकातून त्याचा हात बाहेर काढायचा, सात मिनिटं. बर्फात हात दगड होतो, मग हातोडा घालून फोडायचा. आणि ही सात मिनिटं भरेपर्यंत काय करायचं? भाषण! टिल्डा स्विंटननं केलेली ती मेसन नावाची मंत्रीण, मोठ्ठे दात, जाड भिंगाचा चष्मा, उभी राहते आणि तोच बूट त्या माणसाच्या डोक्यावर ठेवून प्रवचन झोडते. बुटाची जागा पायात, टोपीची डोक्यावर. आम्ही टोपी, तुम्ही बूट. जो तो आपल्या जागी राहिला तरच गाडी चालते.

मी हे पहिल्यांदा बघितलं तेव्हा आमच्या खोलीत सहा जण होतो. कोणीही शब्द काढला नाही. डोकं कोण आणि पाय कोण, हे प्रवचन आपल्याला नवं नाही. कोणाच्या तोंडातून कोण जन्मला आणि कोणाच्या पायातून कोण, हे आपल्या बापजाद्यांना पाठ करून घेतलेलं आहे. पण मी तिथं थांबलो असतो तर हे भाषण झालं नसतं. 'बघा, आपलंच दाखवलंय' म्हणून टाळ्या पिटल्या असत्या आणि चहा प्यायला असता. मला प्रश्न पडला, कोरियातल्या माणसाला टोपी आणि बूट इतकं नेमकं कसं सुचलं? पटकथा त्याची आणि केली मास्टरसन या अमेरिकन लेखकाची, मूळ कल्पना १९८२ च्या एका फ्रेंच चित्रकथेची, जाक लोब आणि जाँ-मार्क रोशेत यांची. बाँगला ती सोलमधल्या चित्रकथांच्या दुकानात सापडली आणि तिथंच उभ्या उभ्या त्यानं वाचून काढली. हे सगळं खरं. तरीपण मी कोरियाचा इतिहास उघडला. आणि काय निघालं त्यातनं, सांगतो.

कोरियात बेकजंग नावाची माणसं होती. खाटीक, कातडं कमावणारे, वेताच्या टोपल्या विणणारे. गावाबाहेर वस्ती. कुटुंबाचं नाव सरकारी नोंदीत नाही. दुसऱ्याच्या घरातलं शेंबडं पोरसुद्धा म्हाताऱ्या बेकजंगाला अरेतुरे करणार आणि म्हाताऱ्यानं वाकून उत्तर द्यायचं. आणि आता ऐका. इज्जतदार कोरियन माणूस घोड्याच्या केसांची काळी उंच टोपी घालायचा. गात म्हणतात तिला. ही टोपी बेकजंगाला बंद! त्यानं बांबूच्या कामट्यांची टोपी घालायची, म्हंजे लांबूनच कळावं कोण येतंय. अहो, शब्दशः टोपी! मेसनबाईंचं प्रवचन त्या देशात शेकडो वर्षं अंमलात होतं. बाँगनं हे मनात धरूनच लिहिलं असा दावा मी करत नाही. पण त्या मातीत टोपी म्हंजे फक्त टोपी नव्हती, एवढं पक्कं.

१८९४ च्या सुधारणांत कायद्यानं भेद रद्द झाले. कागदावर. त्याच सुमारास सोलमध्ये पार्क सोंग-चुन नावाचा एक बेकजंग तापानं फणफणला. त्याला तपासायला राजाचा वैद्य, एव्हिसन नावाचा मिशनरी डॉक्टर, त्याच्या घरी आला. ज्या हातानं राजाची नाडी बघितली त्या हातानं खाटकाची. हा माणूस बरा झाला आणि त्यानं काय केलं? देवाचे आभार मानून गप्प बसला नाही. सरकारकडं अर्ज केला, आम्हाला टोपी घालू द्या. ती परवानगी मिळवली. पुढं १८९८ साली सोलमध्ये जी मोठी जाहीर सभा भरली, मंत्रीसंत्री हजर असलेली, तिथं हा खाटीक उभा राहून बोलला. त्याचा पोरगा पार्क सो-यांग १९०८ साली कोरियात पाश्चात्य वैद्यकाचा सरकारी परवाना मिळालेल्या पहिल्या सात डॉक्टरांपैकी एक. खाटकाच्या पोरानं सुरी धरायचीच तर अशी धरली.

तरी टोपी मिळाली म्हणून शाळा मिळाली असं नाही. १९२३ च्या एप्रिलमध्ये दक्षिणेतल्या जिंजू गावी बेकजंगांनी संघटना काढली, ह्योंगप्योंगसा. एका सधन बेकजंगाच्या पोराला शाळेत घेईनात, तिथून ठिणगी पडली. ह्योंगप्योंग म्हंजे तराजू समतोल असणं. खाटकाच्या रोजच्या हातातली वस्तू, तिचंच निशाण केलं! बाहेरून कोणाचा झेंडा उसना आणला नाही. वर्षभरात देशभर शाखा. आणि लगेच मारामाऱ्या. शेतकऱ्यांनी, स्वतः जमीनदाराच्या टाचेखाली असलेल्या शेतकऱ्यांनी, बेकजंगांवर हल्ले केले, त्यांच्या मांसावर बहिष्कार घातला. हे वाचताना तुम्हाला काय आठवतं ते मी सांगायची गरज नाही. त्याच्या आदल्या साली, १९२२ ला, जपानात क्योटोमध्ये बुराकूंनी सुइहेइशा काढली होती. आणि १९२७ च्या मार्चमध्ये महाडचं तळं. पाच वर्षांत तीन देश. शाळेच्या पुस्तकात आपल्याला हे कोणी शिकवलं? मला तर एक परग्रहावरचा वाटावा असा सिनेमा बघून शोधावं लागलं.

(मध्ये एक पोरगा म्हणाला, दादा, त्या नावाची मांसाची हॉटेलं आहेत. आहेत. बेकजंग ही पाटी आज झगमगीत लावतात. शिवीचं ब्रँड झालं म्हंजे माणसाची किंमत वाढली असं नाही, पण तो वेगळा विषय.)

आता पुन्हा गाडीत या.

बाबासाहेबांनी १९२० साली 'मूकनायका'च्या पहिल्या अंकात या समाजाला बिनजिन्याच्या मनोऱ्याची उपमा दिलीय. ज्या मजल्यावर जन्मलात त्या मजल्यावर मरा. हिमगाडी आडवी आहे आणि तिला दारं आहेत. म्हणून कर्टिसला वाटतं, दारं फोडत गेलो की झालं. आम्हालाही तसंच वाटत होतं. पोरं शिट्ट्या मारत होती. एकेक डबा पडतोय. कुऱ्हाडीची मारामारी होते, गाडी बोगद्यात शिरते, काळोख होतो, समोरच्यांकडं अंधारात बघायचे चष्मे आहेत. आपली माणसं कापली जातायत आणि मागून एक पोरगा मशाल घेऊन धावत सुटतो, शेपटीपासून हातोहात आलेली आग. त्या जागी आमच्या खोलीत एक जण उभा राहून ओरडला.

पण हा कर्टिस कोण? ख्रिस इव्हान्स. जगाला माहीत असलेला कॅप्टन अमेरिका. गोरा, देखणा, दाढी वाढवलेला. बाँगनं त्याला म्होरक्या केलाय आणि आपण निमूटपणे त्याच्या मागं चालतो, कारण सिनेमात म्होरक्या असाच दिसतो हे आपल्याला लहानपणापासून शिकवलंय. मग त्याला दारं उघडणारा एक माणूस लागतो. हा कुलूपवाला, नामगुंग मिन्सू, साँग कांग-होनं केलाय. गाडीची सगळी कुलपं त्यानं केलेली, आणि आता नशाबाज म्हणून तुरुंगाच्या खणात झोपवून ठेवलेला. त्याला बाहेर ओढतात. कर्टिस त्याला नावानं हाक मारतो आणि नाव चुकवतो. तेव्हा हा उठून बसतो आणि कोरियनमध्ये झापतो, नामगुंग हे आडनाव आहे आणि मिन्सू हे नाव. अरे, काय आनंद झाला मला! जगबुडी झालीय, माणसं झुरळं खातायत, आणि हा म्हणतोय आधी माझं नाव नीट घे.

आणि शेवटपर्यंत तो इंग्रजी बोलत नाही. एक बोलकं यंत्र आहे, भाषांतर करणारं. ज्याला माझं समजून घ्यायचंय त्यानं यंत्र कानाला लावावं. आपली पोरं मुलाखतीला जातात तेव्हा आपली बोली घरी खुंटीला टांगून जातात. मीही गेलोय. एका ठिकाणी साहेबानं माझं आडनाव वाचलं, पुन्हा वाचलं, आणि मग गाव विचारलं. मी यंत्र काढून त्याच्या हातात दिलं नाही. इंग्रजीत 'थँक यू सर' म्हणालो आणि जिना उतरलो. म्हणून मला तो कुलूपवाला जास्त भावला असेल.

सगळे पुढं बघतात, इंजिनाकडं. हा एकटा बाजूला बघतो, खिडकीबाहेर. दरवर्षी एका पुलावरून जाताना त्याला बर्फात गाडलेलं एक विमान दिसतं. दरवर्षी ते थोडं जास्त उघडं पडतंय. म्हंजे बर्फ वितळतंय. म्हंजे बाहेर जगता येईल. आणि शेवटच्या दारापाशी, इंजिनाच्या तोंडाशी, कर्टिस म्हणतो हे दार उघड. तर हा म्हणतो, मला ते दार नाही उघडायचं. मला हे उघडायचंय. आणि बाजूच्या दाराकडं बोट करतो, गाडीबाहेर जाणाऱ्या. इतकी वर्षं बंद राहिलं की सगळ्यांना ती भिंतच वाटायला लागली.

सिनेमा इथं आहे. बाकी सगळं मारामारी.

हे शहाणपण त्याला मिळालं कुठनं? पुढच्या डब्यांत साफसफाई करणारी एक बाई होती, इनुइट जमातीची. बर्फाच्या देशातली. बर्फ कोणतं घट्ट, कोणतं सुटं, हे तिनं त्याला शिकवलं. गाडी सुरू झाल्यावर तिसऱ्याच वर्षी ती सहा जणांना घेऊन गाडीतनं उतरून गेली होती. फार लांब गेली नाहीत, थिजून मेली. त्यांचे पुतळे झालेले देह खिडकीतून दिसतात आणि वर्गातली मास्तरीण पोरांना ते दाखवून धाक घालते. गाडी थांबली की आपण सगळे असेच मरू. त्याच वर्गात एक गोड पोरगी म्हणते की शेपटीतली माणसं आळशी असतात, आपल्याच घाणीत लोळतात. पोरं टाळ्या वाजवून इंजिनाची आरती गातात. पण बघा, त्या पुतळ्यांकडं बोट करून जी शाळा भीती शिकवते, त्याच पुतळ्यांतल्या बाईकडनं कुलूपवाला बर्फ ओळखायला शिकला.

माझी माय यार्डात डबे धुवायची. ठेकेदाराची रोजंदारी. एसीचे डबे आतनं धुवायचे, संडास, बेसिन, सीटखालचं. ती सांगायची, डबा कोणत्या गावाहून आला ते मला झाडूखाली काय निघतं त्यावरनं कळतं. ऊसाची चिपाडं, शेंगांची टरफलं, लग्नाच्या अक्षता. त्या डब्यात ती एकदाही बसली नाही. चालत्या गाडीत तिला तो डबा कसा लागतो हे ठाऊक नव्हतं. पण त्याचा एकेक स्क्रू ठाऊक होता. बाईच्या हातातल्या झाडूत ज्ञान असतं, हे आपल्या किती पुढाऱ्यांना कळलंय? बाँगला ते कळलंय, पण त्यानं तिला एक ओळ दिली आणि बर्फात उभी केली. तिचा सिनेमा कोणीतरी काढायला पाहिजे होता. ऑक्टाव्हिया स्पेन्सरची टान्या, पोरासाठी लढणारी काळी आई, तीसुद्धा वाटेतच मरते. पुढं जायला कर्टिसच उरतो. हे मला खटकलं, खटकलं म्हणून सांगतो.

आणखी एक खटकलं आणि हे जास्त मोठं आहे. शेपटीतली माणसं सतरा वर्षं करतात काय? काही नाही! मोजणीला बसतात, वड्या खातात. हे खोटं आहे. जगात कुठलीही गाडी शेपटीतल्या माणसाला फुकट बसवून नेत नाही. शेपटीच गाडी ढकलते. आपली माणसं गावकुसाबाहेर होती म्हंजे बिनकामाची होती काय? मेलेलं ढोर ओढण्यापासून सांगावा पोचवण्यापर्यंत गावाचं पान आपल्यावाचून हलत नव्हतं. मी हे बोललो तर एक दोस्त म्हणाला, शेवट नीट बघ. बघितला. त्याचं बरोबर होतं. इंजिनाचा एक भाग झिजून संपलाय. त्या जागी, जमिनीखालच्या फटीत, पाच वर्षाच्या आतलं पोर बसवलंय. हातानं चाक फिरवायला. म्हणून पोरांची उंची मोजत होते! टोपीवाल्यांचं ते पवित्र, अखंड, शाश्वत इंजिन शेपटीतल्या काळ्या पोराच्या हातावर चाललंय. सिनेमानं हे दोन तास लपवून ठेवलं, गाडी जसं सतरा वर्षं लपवते तसं. तरीही मी म्हणतो, एका पोरावर भागत नाही. हजारो हात लागतात. बाँगनं हिशेब कमी धरला.

आणि इंजिनात पोचल्यावर कर्टिसला काय मिळतं? मटण. विल्फर्ड त्याला जेवायला बसवतो आणि सांगतो, बाबा, हे बंड आमचंच होतं. शेपटीतला तुमचा तो पूज्य म्हातारा गिलियम आणि मी फोनवर बोलायचो. माणसं फार झाली की एक बंड घडवायचं, थोडी कापून काढायची, हिशेब जुळवायचा. वड्यांतून चिठ्ठ्या येत होत्या त्या मीच पाठवत होतो. आता मी म्हातारा झालो. ही खुर्ची तू घे.

दोस्तांनो, या जागेवर मी सिनेमा थांबवला. पाणी प्यायलो. नावं घेत नाही, तुम्हाला नावं माहीत आहेत. आपल्यातले किती जण शेपटीतून निघाले, तोंडात निखारे घेऊन निघाले, आणि मटणाच्या ताटापाशी बसले. मी त्यांना गद्दार म्हणून मोकळा होऊ शकत नाही. कारण कर्टिससुद्धा बसतो. गुडघ्यावर बसतो. ज्या माणसानं शेपटीतल्या पहिल्या उपाशी दिवसांत माणसाचं मांस खाल्लंय आणि त्या आठवणीनं जळतोय, तो खुर्चीकडं बघत राहतो. त्याला हलवते ती कुलूपवाल्याची पोर, योना. जमिनीचा पत्रा उचकटून खालचं पोर दाखवते. तेव्हा कुठं तो हात घालतो. त्याचा हात तुटतो, पोर निघतं.

आता त्या पोराच्या पहिल्या प्रश्नाला येतो. ही गोरी मंडळी कशी आली? पैशानं आली, दुसरं काय. सुमारे चार कोटी डॉलर लागले, तोवरचा कोरियातला सगळ्यात महाग सिनेमा. प्रागच्या बारांडॉव्ह स्टुडिओत डबे उभारले. पार्क चान-वूक निर्माता. आणि पैसा सीजे कंपनीचा, साखरेच्या कारखान्यातून वर आलेलं, सॅमसंगच्या गोतावळ्यातलं भांडवलदार घराणं. म्हंजे इंजिनाविरुद्धचा सिनेमा इंजिनाच्या पैशानं! मला हे गिळायला जड जातं. पण पुढं ऐका. अमेरिकेतले हक्क हार्वे वाइनस्टाइननं घेतले. हाच तो, ज्याच्याविरुद्ध २०१७ साली बायकांनी तोंड उघडलं आणि जो नंतर तुरुंगात गेला. तो म्हणाला, वीसेक मिनिटं कापा. बाँग अडला. कुऱ्हाडवाली टोळी लढाईआधी एक मासा चिरते, तो तुकडा कापायचा हट्ट होता. बाँगनं ठोकून दिलं, माझा बाप कोळी होता, हा तुकडा त्याच्यासाठी आहे. वाइनस्टाइन विरघळला. बाप कोळी कुठला, चित्रकामातला माणूस! बाँगनंच पुढं मुलाखतीत हसत सांगितलं. शेवटी सिनेमा न कापता लागला, पण २०१४ च्या जूनमध्ये अमेरिकेत अगदी मोजक्या थेटरांत. मान तुकवली नाही त्याचा दंड. कोरियात मात्र ९० लाखांवर तिकिटं खपली.

आणि घरचं सरकार? अध्यक्ष पार्क गुन-हे यांच्या राजवटीत कलावंतांची काळी यादी होती, नऊ हजारांवर नावं. बाँग त्यात, साँग कांग-हो त्यात, पार्क चान-वूक त्यात. गुप्तचर खात्याच्या कागदांत या सिनेमावर शेरा होता की हा बाजाराच्या व्यवस्थेलाच नाकारतो आणि लोकांना चिथावतो. एवढी चांगली समीक्षा मी वाचलेली नाही! सीजेच्या मालकीणबाईंनी बाजूला व्हावं म्हणून अध्यक्षांच्या एका सचिवानं दबाव टाकला, पुढं तो कोर्टात दोषी ठरला. साखरवाल्यांनाही कळलं असेल टोपी कधी पायात जाते ते. २०१६ च्या थंडीत लाखो लोक मेणबत्त्या घेऊन रस्त्यावर उतरले आणि मार्च २०१७ मध्ये बाई खुर्चीवरून गेल्या. २०२० साली 'पॅरासाइट'ला ऑस्कर मिळालं तेव्हा तेच यादीतले लोक मंचावर उभे होते. बोलले ते कोरियनमध्ये. शेजारी दुभाषी बाई.

तेव्हा पोरा, तुझा दुसरा प्रश्न, आपल्यात कधी येणार? मला तो असा विचारायचाय. आपल्यातलं कोण उभं राहून म्हणणार, आधी माझं नाव नीट घ्या? कोणाची माय डबे धुता धुता बर्फ ओळखते आणि ते कोण लिहून काढणार? पैसा लागेल. पैसा मटणाचं ताट घेऊन येईल. तेव्हा कोण पत्रा उचकटून खालचं पोर दाखवणार? हे ठरलं की फासबेंडर येवो न येवो. 'होप' आपण बघूच, वर्गणी काढून बघू. पण बघताना बोट कोणाचं कुठल्या दाराकडं आहे ते बघा.

शेवट राहिला. बाजूचं दार सुरुंगानं उडतं, बर्फाचा डोंगर कोसळतो, गाडी रुळावरून जाते. कर्टिस आणि कुलूपवाला दोघं पोरांना कवेत घेऊन जळतात. ढिगाऱ्यातून दोघंच बाहेर येतात. योना, गाडीतच जन्मलेली, जमिनीला कधी पाय न लागलेली. आणि इंजिनाखालून काढलेला तो काळा पोर. लांब डोंगरावर एक पांढरं अस्वल उभं आहे. जिवंत. संपलं.

यावर आमच्यात दोन तास भांडण झालं. एक म्हणाला, आशा. एक म्हणाला, आशा कसली, अस्वल दोघांना खाणार. मला विचाराल तर गाडीतही पोराला खातच होते, इथं निदान पळायला जागा आहे.

माय माझ्या शेजारी बसून बघत होती. तिला भाषा कळली नाही, मी मध्येमध्ये सांगत होतो, मीच तिचं यंत्र. अस्वलाचं तिनं काही मनावर घेतलं नाही. म्हणाली, "मागं घे रं जरा. त्या पोरांच्या पायात काही हाय का बघू दे."

चहा आलाय. आता तुम्ही बोला.